कोर्टाचं आवतण

आमच्या घरमालकांच्या भिंतीत भाडेकरूने खिळा ठोकायचा नाही, असा नियम होता. कॅलेंडर लावायचं असलं तर खाली जाऊन सांगायचं. मग ते स्वतः हातोडी घेऊन वर यायचे, खिळाही स्वतःचाच आणायचे, भिंतीवर इथे-तिथे बोटाने टकटक करून जागा ठरवायचे आणि ठोकायचे. कॅलेंडर अडकवून झालं की समोर खुर्ची ओढून नुसते त्याच्याकडे बघत बसायचे. पडतं का ते बघायला. आई चहा टाकायची, कारण अशा वेळी दुसरं करण्यासारखं काही नसायचं. पप्पा त्यांना मागून ‘इन्स्पेक्टर’ म्हणायचे. आमच्या खोलीत बुद्धाच्या तसबिरीपासून आरशापर्यंत जेवढे खिळे होते, तेवढे चहा त्यांनी प्यायले होते.

बदलापुरात गावठाणाला लागून त्यांची तीन मजली इमारत होती. खाली ते, वर आम्ही भाडेकरू. आम्ही सगळे त्यांना काका म्हणायचो. आगरी माणूस, आवाज खणखणीत, घरी असले की गंजीफ्रॉक आणि अर्धी चड्डी. त्यांच्याकडे एक जुनी स्कूटर होती आणि तिच्याशी ते बोलायचे. ती सुरू झाली नाही तर रागावत नसत, समजूत घालत. “काल लांब नेली तुना, ठावं हाय मना. आज जवलच जायचं हाय,” असं चाललेलं आम्ही गॅलरीतून ऐकायचो आणि तोंडावर हात ठेवून हसायचो. वाडवडिलांच्या शेतीतली थोडी जमीन चिखलोलीला उरली होती. तिच्यात ते काही पिकवत नव्हते आणि ती विकतही नव्हते. मुलांनी विषय काढला की म्हणायचे, “पडून हाय तर पडून हाय. तुमचं काय खाते?”

गावात मात्र त्यांची ओळख निराळी होती. त्यांच्या घराण्याकडे आवतण द्यायचं काम होतं. हळद असो की साखरपुडा, पत्रिका कितीही झुळझुळीत छापली तरी जुनी माणसं तिला जुमानत नसत. कोणीतरी दारात येऊन तोंडाने सांगून गेलं तरच बोलावणं पोचलं, असं धरायचे. काका आदल्या संध्याकाळी घरोघर फिरायचे, उंबऱ्याबाहेर उभे राहून ठरलेल्या सुरात सांगायचे. दुसऱ्या दिवशी पंगत मांडली की पुन्हा एक फेरी, “पान वाढलंय, चला.” त्यांचा हिशेब साधा होता. पहिल्यांदा सांगितलं की माणूस ऐकतो, दुसऱ्यांदा सांगितलं की उठतो. फोनवर आवतण द्यायला ते कधी तयार झाले नाहीत. फोनवर सांगितलेल्याने नाही आलं तरी त्याला बोल लावता येत नाही, असं त्यांचं म्हणणं.

आमचा आणि त्यांचा संबंध हा एवढाच राहिला असता. खिळे, चहा आणि पाण्याची मोटर कधी लावायची यावरून पप्पांशी होणारी बोलाचाली. पण दादाला पोलिसांनी पकडलं.

माझा भाऊ उल्हासनगरला, कॅम्प चारमधल्या एका जीन्सच्या कारखान्यात कटिंगला होता. एका सकाळी मालकाचं गोदाम फोडलेलं सापडलं, तयार मालाचे गठ्ठे नाहीसे झालेले. कुलूप-किल्ली कुठे असते हे ज्यांना माहीत होतं, अशी तीन पोरं पोलिसांनी उचलली. त्यात दादा. तो विशीत होता, मी कॉलेजात जायला लागले होते. आमच्या खानदानात पोलीस स्टेशनची पायरी कोणी चढलं नव्हतं. पप्पा तर पासपोर्टच्या चौकशीला आलेल्या हवालदारालासुद्धा घाबरून दोनदा पाणी देणारे.

थोड्या दिवसांनी वकिलाचा फोन आला, जामीन मंजूर झाला. आमच्या घरात कोणालाच कायद्यातलं ओ की ठो कळत नव्हतं. पप्पांनी येताना पेढे आणले. आईने मटण केलं, डबा भरला आणि ती कल्याणच्या जेलच्या दाराशी जाऊन बसली. बसूनच राहिली. शेवटी दारावरच्या शिपायाला तिची दया आली. त्याने तिला समजावलं की मंजूर होणं म्हणजे सुटणं नव्हे, जामीनदार लागतो. इथलाच माणूस हवा, नावावर घर किंवा जमीन हवी, ऐपतीचा दाखला हवा. आमच्या नावावर होता तो गॅसचा सिलिंडर. आई डबा तसाच घेऊन परत आली आणि मटण शेजारी देऊन टाकलं.

मग नातेवाइकांची दारं. मामाच्या फ्लॅटवर कर्ज निघालं. आत्याच्या मिस्टरांना अचानक गावी जावं लागलं. पप्पांच्या कंपनीतले दोस्त जय भीम घालून पाठीवर हात ठेवायचे आणि घरी विचारून सांगतो म्हणायचे. मी त्यांना दोष देत नाही, सातबारा काय कोणी खिशातून रुमाल काढावा तसा काढून देत नाही. पण गुन्हा सिद्ध झालेला नाही, शिक्षा लागलेली नाही, कोर्ट सोडायला तयार आहे आणि तरी माझा भाऊ आत आहे. का, तर आमच्याकडे जमीन नाही. हे मला तेव्हा समजलं नव्हतं आणि खरं सांगायचं तर आजही समजत नाही.

काका वर आले ते टाकी गळतेय का बघायला. आईचे डोळे सुजलेले बघून थांबले. आईने सगळं सांगून टाकलं आणि वर म्हणाली, “काका, खोली खाली करायला नका लावू. पोरगा माझा तसा नाहीये.”

खोलीचं त्यांनी मनावरच घेतलं नाही. विचारलं, “सकाली त्याला उठवतं कोन?”

आई बावचळली. “मीच.”

“एका हाकेत उठतो?”

“नाही हो. चार-पाच तरी माराव्या लागतात.”

“खरं बोललीस ते बरं झालं,” म्हणाले. “वकिलाचा पत्ता दे.”

पप्पा कामावरून आले तेव्हा त्यांचा विश्वास बसेना. आदल्याच आठवड्यात मोटरवरून त्यांनी काकांना चार शब्द ऐकवले होते.

कोर्टात जायला काकांनी आपल्या लग्नातला कोट काढला. खाली फुल पँट होती. हे मुद्दाम सांगते, कारण निघेपर्यंत आम्हाला खात्री नव्हती. आमच्या वकिलांनी त्यांना व्हरांड्यात उभं करून शिकवलं होतं की साहेब विचारतील, आरोपीला ओळखता का, तर हो म्हणायचं, लहानपणापासून म्हणायचं. साहेबांनी विचारलं. काका म्हणाले, “वलखत नाय साहेब. जिन्यात दिसतो कधी कधी. वलख आता होईल.”

वकिलांनी डोळे मिटून घेतले. साहेबांनी चष्मा काढला. “मग जामीन कशाला राहताय?”

“जमीन नुसती पडून हाय साहेब. पोरं बोंब मारतात, तिचा काय उपेग नाय म्हनून. तर म्हनलं करू उपेग. आनि हा जाऊन जाऊन जाईल कुठं? आई-बाप माझ्याच खोलीत हायेत.”

एवढं खरं बोलणारा जामीनदार साहेबांना बहुधा बऱ्याच दिवसांनी भेटला असावा. त्यांनी सही केली. त्या संध्याकाळी दादा घरी आला, आणि आईने पुन्हा मटण केलं.

पुढे कळलं की आम्ही काही एकटे नव्हतो. कॅम्प चारमधलाच एक सिंधी म्हातारा शेजाऱ्याशी झालेल्या मारामारीत अडकला होता, त्यालाही काकाच जामीन राहिले होते. कोर्टातल्या कारकुनाला संशय होता की हा माणूस यावर पैसे खातो. त्याने एकदा तोंडावर विचारलंही. काकांनी त्याला सरळ चहाला नेलं आणि चहाचे पैसे त्यालाच द्यायला लावले. “आता खाल्ले बघ तुझे,” म्हणाले.

दादाच्या पहिल्या तारखेची आदली संध्याकाळ मी विसरणार नाही. दार वाजलं. उंबऱ्याबाहेर काका, धुतलेला शर्ट, हात जोडलेले. खिळा ठोकायला थेट आत घुसणारा हा माणूस त्या दिवशी आत यायला तयार नव्हता. दादाकडे बघून, गावात हळदीला सांगतात त्याच सुरात त्यांनी सुरू केलं, “उद्या सकाली उल्हासनगर कोर्टात तुमचं आवतन हाय. आंगोल करून यायचं, जेवून यायचं, घरच्या एकानं संगती यायचं. आलो नाय, इसरलो, असं बोलायचं नाय.”

दादाचं तोंड बघण्यासारखं झालं. “काका, मोबाइलमध्ये अलार्म लावलाय ना मी. टेन्शन नका घेऊ.”

“अलार्मला तोंड दाबून गप करता येतं. मना कर बघू.”

सकाळी पुन्हा हजर. खालूनच हाक, “चला, पान वाढलंय!” सगळी गल्ली जागी झाली. महिन्या-दीड महिन्याने असं व्हायला लागल्यावर समोरच्या इमारतीतल्या एक बाई आईला विचारू लागल्या, “तुमच्याकडे सारखी लग्नं कोणाची हो?” आईने सांगितलं, दूरच्या नात्यात आहेत. दादाला लाज वाटायची, तो चिडायचा, पण जायचा. त्या सिंधी म्हाताऱ्याकडेही काका असेच जात. तिथे आवतण हिंदीत होई. तो उठून उभा राहायचा आणि कळवळून म्हणायचा, “आऊँगा साईं, पक्का आऊँगा.”

काकांचं सगळं तत्त्वज्ञान मला एका सकाळी कळलं. दादाने तोवर दुसरी नोकरी धरली होती, नाइट शिफ्टची. तारखेच्या आदल्या रात्री काम जास्त निघालं, घरी यायचं त्राण नव्हतं म्हणून तो शहाडला मित्राच्या खोलीवर जाऊन आडवा झाला. फोन बंद पडला. काका खाली हाका मारतायत आणि वर पोरगा नाही. तारखेला गैरहजर म्हणजे वॉरंट, वॉरंट म्हणजे पुन्हा जेल, एवढं आता आम्हालाही कळायला लागलं होतं. आई रडत म्हणाली, “पळाला की काय हो?”

काका तिच्यावर ओरडले. पहिल्यांदा आणि शेवटचे. “आई हायेस ना त्याची? पलनारा येगला, झोपनारा येगला. हा झोपनारा हाय. मित्र कुठं ऱ्हातात त्याचे?”

मला त्यांनी कोर्टात पाठवलं, वकिलांना सांगून पुकारा थोडा उशिरा घ्यायला लाव म्हणून. स्वतः स्कूटर घेऊन शहाडला गेले. मी व्हरांड्यात उभी होते. आत नावांमागून नावं पुकारली जात होती आणि प्रत्येक वेळी मला ते दादाचंच वाटे. किती वेळ गेला कोणास ठाऊक. मग फाटकातून स्कूटर आली. मागे दादा, अंगात मित्राचा शर्ट, गालावर उशीची वळी तशीच. काकांनी त्याला हाताला धरून आत नेलं. साहेबांनी वर न बघता पुढची तारीख दिली.

बाहेर आल्यावर दादा मान खाली घालून उभा. काकांनी त्याला एक शब्द सुनावला नाही. वकिलांना मात्र म्हणाले, “तुमचं कोर्ट समजतं, तारखेला आला नाय म्हंजे पलाला. अवो, गरीब मानूस पलेल कुठं? पलायला पैका लागतो. तो झोपतो, नायतर इसरतो, नायतर त्याचा शेट सुट्टी देत नाय. जेलात टाकून त्याची झोप जाईल का?” वकील हसले आणि दुसऱ्या अशिलाकडे वळले.

केस रेंगाळली. साक्षीदार येत नव्हते, आले तर साहेब बदललेले असायचे. मधल्या काळात सिंधी म्हाताऱ्याचं प्रकरण आपसात मिटलं आणि काकांच्या जमिनीवर एकट्या दादाचं ओझं राहिलं. तेवढ्यात चिखलोलीला नवीन स्टेशन होणार या बातमीने जोर धरला. जिथे गुरं चरायची तिथे टॉवरच्या जाहिराती लागल्या. काकांच्या मुलांकडे एक बिल्डर खेपा घालू लागला. पण जमिनीवर कोर्टाची नोंद होती आणि ती उतरल्याशिवाय तो व्यवहार करेना.

थोरला मुलगा एका रविवारी वर आला. वाईट नव्हता तो. बसला, आईने दिलेला चहा घेतला, पप्पांना म्हणाला, “तुमचं दुखणं कळतं मला. पण आमच्या पण पोरांचं बघायला पायजे ना. बाबा जामीन काढून घेणार आहेत. तुम्ही दुसरा कोणी बघा.”

दुसरा कोणी कुठला? पप्पा पुन्हा त्याच दारांवर जाऊन आले. मामाचं कर्ज अजून फिटलं नव्हतं. वकील म्हणाले, जामीनदाराने अर्ज केला की कोर्ट त्याला मोकळं करतं, आणि नवीन जामीनदार नसला तर आरोपी सरळ आत. दादाने जेवणं सोडलं. मी रोज जिन्यातून खाली जाताना काकांच्या दाराकडे बघायचे आणि मला त्यांचा राग यायचा. ज्या माणसाचे उपकार होते त्याच्यावरच चिडत होते. काका या विषयावर आमच्याशी अवाक्षर बोलले नाहीत.

तारखेची आदली संध्याकाळ आली. काका उंबऱ्याबाहेर उभे राहिले, आवतण नेहमीसारखं पूर्ण दिलं. मग म्हणाले, “उद्या मी अर्ज देनार हाय. तू ये मात्र.”

आईने त्या रात्री पिशवी भरली. टॉवेल, साबण, ब्रश, दोन जोड कपडे. काय आत नेऊ देतात आणि काय नाही, हे तिला आता माहीत होतं. मला वाटलं, दादा खरंच पळेल. मी त्याला म्हटलंही, “तू जाऊ नकोस.” तो म्हणाला, “येडी आहेस का? काका उभे राहणार तिथे आणि मी नाही?”

या वेळी समोर नवीन मॅडम होत्या. काकांचा कोट आता त्यांना ढगळ झाला होता. अर्ज वाचून मॅडमनी विचारलं, “जामीन का काढून घेताय?”

“दोन कारनं हायेत मॅडम. एक, पोरांना जमीन इकायची हाय, ती काय मी डोक्यावर घेऊन जानार नाय. दुसरं, याला आता जामीनदार नको.”

“ते कोर्ट ठरवेल.”

“म्हनून तर तुमच्याकडं आलोय. तुमच्याच कागदात बघा, इतक्या तारखा झाल्या, हा एकदा तरी चुकला का? माझी जमीन काय त्याला कोर्टात घेऊन येत नव्हती. तो येत होता.”

शहाडची सकाळ मला आठवली, पण मी कोण बोलणारी! मॅडमनी फाइल मागवून मागची पानं चाळली. पुष्कळ पानं होती. सरकारी वकील म्हणाले, आरोपीकडे मालमत्ता नाही, स्वतःचं घर नाही. मॅडमनी दादाकडे बघितलं. “तुला काही सांगायचंय?”

दादा पुढे झाला. “मी येईन मॅडम. कोणी नसलं तरी येईन.”

“सगळे असंच म्हणतात.”

“खरं हाय,” काका मध्येच बोलले. शिपायाने गप्प राहायची खूण केली, ती त्यांनी बघितलीच नाही. “सगलेच म्हनतात. पन म्हनलेलं खरं करून दाखवायला मानूस भायेर असावा लागतो ना.”

मॅडमनी निकाल जेवणानंतर ठेवला. आई पिशवी मांडीवर घेऊन बाकावर बसली होती. तिच्या शेजारी काका बसले. दुपारी हुकूम झाला. काका जामिनातून मोकळे, आणि दादाला त्याच्या स्वतःच्या बंधपत्रावर सोडलं. त्याने स्वतःच लिहून द्यायचं की मी येईन, आणि त्याच्या मागे कोणाचं घर नाही, जमीन नाही. दादाने सही केली. एवढी मोठी वस्तू त्याच्या हातात आजवर कोणी दिली नव्हती.

पुढच्या तारखेच्या आदल्या संध्याकाळी आम्ही वाट बघत राहिलो. काका आले नाहीत. शेवटी दादाच खाली गेला. “काका, उद्या तारीख आहे.”

“मंग?”

“आवतण नाही दिलंत.”

“आवतन परक्याला देतात,” काका म्हणाले. “घरच्याला कोन देतं? कार्य आता तुझंच हाय.”

दादा गेला. त्यानंतरच्या सगळ्या तारखांना गेला.

निकाल लागेपर्यंत आम्ही अंबरनाथला राहायला गेलो होतो, माझं लग्न झालं होतं. तिघंही निर्दोष सुटले. गोदाम कोणी फोडलं ते कधीच कळलं नाही. दादाला आधी काकांकडे जायचं होतं, मला बरोबर घेऊन. काका आता थोरल्याच्या नव्या फ्लॅटमध्ये होते, खिडकीशी खुर्चीत. डोळ्यांना नीट दिसत नव्हतं, आवाजावरून ओळखलं. दादाने पेढे पुढे केले, वाकून नमस्कार केला आणि जवळच बसला. इतक्या वर्षांत साठलेलं त्याला बोलायचं होतं.

“काका, सुटलो. निर्दोष म्हणाले. मी ते केलंच नव्हतं. तुम्ही ओळखलं होतंत ना पहिल्यापासून?”

काकांनी पेढा तोंडात टाकला. “नाय बा. मना काय ठावं?”

दादाचा चेहरा उतरला. “मग उभे कसे राहिलात?”

“आता सुटलास, चांगलं झालं. पन केलं असतंस, तरी मी उभा ऱ्हायलोच असतो. तवा तर जास्तच लागतं कोन तरी.”

आम्ही निघालो. दादाला ते लागलं होतं, मला दिसत होतं. निदान एका माणसाने आपल्यावर पहिल्यापासून विश्वास ठेवला, एवढ्या आधारावर त्याने ती वर्षं काढली होती. लिफ्टपाशी तो थांबला. लिफ्ट आली, दार उघडलं, पुन्हा मिटलं.

“म्हणजे त्यांना माहीतच नव्हतं,” तो म्हणाला. “आपण चोराच्या पाठीशी उभे आहोत की काय, हे माहीत नसताना उभे राहिले.”

आणि तो मागे वळला. फ्लॅटचं दार अजून उघडंच होतं. आत जाऊन त्याने काकांच्या पायांवर पुन्हा डोकं ठेवलं. काका विचारत होते, “कोन हाय? काय राहिलं रं?” दादा बराच वेळ उठलाच नाही.